रिकाम्या चौकटीचा खोटा वारसा

प्रायोगिक लघुपटांवरून आपल्याकडे दोन तट पडलेले आहेत. एक म्हणतो, यांत काहीच नसतं, म्हणून ही फसवणूक. दुसरा म्हणतो, यांत काहीच नसतं, म्हणूनच ही कला. पहिल्या तटात बरेचसे प्रेक्षक आहेत, वृत्तपत्रांत लिहिणारे आहेत, लघुपट स्पर्धांचे परीक्षक आहेत. दुसऱ्यात फिल्म शिकणारी मुलं, महोत्सवांच्या पुस्तिकांत परिचय लिहिणारे आणि खुद्द दिग्दर्शक. वाद हिरिरीने चालतो, पण ज्या विधानावर तो उभा आहे ते दोघांनाही मान्य असतं: यांत काहीच नसतं. माझा आक्षेप त्या विधानालाच आहे. ते खोटं आहे. ज्याला मिनिमलिझम म्हणतात त्याची थोर उदाहरणं एकेक करून पडद्यावर पाहिली, तर त्यांतलं जवळपास एकही रिकामं निघत नाही. आणि जे लघुपट खरोखर रिकामे आहेत त्यांना त्या उदाहरणांचा वारसा सांगण्याचा अधिकार नाही.

पहिल्या तटाकडे नंतर येतो. आधी दुसऱ्यांशी बोलायला हवं, कारण ती माझीच माणसं आहेत. कमी शॉट, कमी हालचाल, कमी बोलणं असलेला सिनेमा मला मनापासून आवडतो. फिल्म सोसायटीच्या बैठकांत तो दाखवण्यासाठी मी भांडलोही आहे. म्हणूनच त्याच्या नावावर जे खपवलं जातं ते पाहून चीड येते.

काय खपवलं जातं ते सांगतो. दिग्दर्शकाचं किंवा महोत्सवाचं नाव घेणार नाही, कारण प्रश्न त्या एका मुलाचा नाही. जुन्या वाड्यातली खोली. भिंतीचे पोपडे निघालेले. मधोमध लाकडी खुर्ची, खिडकीला फिका पडदा, कुठेतरी नळ ठिबकतोय. कॅमेरा ट्रायपॉडवर, जागचा हलत नाही. बराच वेळ एवढंच. मग काळोख, बारीक पांढऱ्या अक्षरांत नाव आणि टाळ्या. नंतरच्या चर्चेत मी तीन प्रश्न विचारले. कॅमेरा एवढ्याच उंचीवर का? शॉट इथेच का संपवला? आणि नळ त्याच खोलीतला आहे का? उत्तरं प्रामाणिक होती. ट्रायपॉड तेवढाच उंच होत होता. जिथे संपावासा वाटला तिथे शॉट कापला. नळ खोलीत नव्हताच. आवाज इंटरनेटवरून उतरवून घेतला होता. आणि मग ते वाक्य आलं, जे आता प्रत्येक चर्चेत ऐकू येतं: रिकामी जागा आम्ही ठेवलीय, ती प्रेक्षकाने भरायची.

ऐकायला हे वाक्य उदार वाटतं. दिग्दर्शक हुकूम सोडत नाही, प्रेक्षकाला मोकळीक देतो, असं त्यातून सुचवलं जातं. पण प्रेक्षक काही ना काही भरणारच. माणूस बसथांब्यावर अर्धा तास बसला तरी त्याच्या मनात आईचं आजारपण येतं, घराचा हप्ता येतो, शाळेतली एखादी दुपार येते. त्याचं श्रेय आपण बसथांबा बांधणाऱ्याला देत नाही. प्रेक्षकाच्या मनात काहीतरी आलं हा फिल्मच्या बाजूचा पुरावा होऊ शकत नाही. फिल्मने त्याच्या नजरेला काय करायला लावलं, हे सांगता आलं पाहिजे.

लॅरी गॉटहाइम यांची १९७० सालची ‘फॉग लाइन’ घ्या. ‘रिकाम्या’ फिल्मचा नमुना म्हणून तिचं नाव नेहमी निघतं. अकरा मिनिटं, एकच स्थिर शॉट, आवाज अजिबात नाही आणि समोर धुकं. इथे वर्णन संपलं असं ज्याला वाटतं त्याने ती नीट पाहिलेली नाही. सुरुवातीला पडदाभर हिरवट-राखाडी धूसरपणा असतो आणि त्यातून आडव्या गेलेल्या विजेच्या तारा. डोळ्याला धरायला तेवढंच. मग काही काळ कळतच नाही, की धुकं विरळ होतंय की आपली नजर सरावतेय. थोड्या वेळाने झाडांचे गोलसर आकार दिसत असतात, पण ते दिसायला लागले तो क्षण सांगा म्हटलं तर सांगता येत नाही. आणि मध्येच कधीतरी, चौकटीच्या खालच्या अंगाला, घोडे चरत चरत जातात. इतके लहान आणि इतके पुसट, की सभागृहातल्या बऱ्याच जणांना ते दिसतच नाहीत. ज्यांना दिसतात ते शेजाऱ्याला कोपराने खुणावतात.

हे घोडे प्रेक्षकाने भरलेले नाहीत. ते पट्टीवर आहेत. ज्याला दिसले नाहीत त्याच्यासाठीही आहेत. गॉटहाइम प्रेक्षकाला काम देतात हे खरं, पण ते शोधण्याचं काम आहे, आणि शोधायला तिथे काहीतरी ठेवलेलं आहे. तारा चौकटीत नसत्या तर धुक्याची खोली मोजायला माप उरलं नसतं. कॅमेरा थोडा वर असता तर घोडे गेले असते. एवढ्या कमी गोष्टी हाताशी असताना त्यातली प्रत्येक जागच्या जागी असावी लागते. चुकीला लपायला जागा नसते. कथापटात एखादा शॉट सैल पडला तर गोष्ट त्याला ओढून नेते. इथे ओढून नेणारं कुणी नाही.

त्याच वर्षी, गॉटहाइम ज्या बिंगहॅम्टनच्या विद्यापीठात शिकवत होते तिथल्याच एका इमारतीत अर्नी गेर यांनी ‘सिरीन व्हेलॉसिटी’ केली. न्यूयॉर्क राज्यातलं हे सरकारी विद्यापीठ. कॉरिडॉर कुठल्याही सरकारी इमारतीतला वाटावा असा. छताला दिव्यांची रांग, दोन्ही बाजूंना बंद दारं, टोकाला काचेची दारं. माणूस नाही, गोष्ट नाही, आवाज नाही. कॅमेरा फिल्मभर एकाच जागी घट्ट. गेर यांनी झूम लेन्सचं अंतर एका खुणेवर ठेवून चार फ्रेम घेतल्या, मग दुसऱ्या खुणेवर चार, पुन्हा पहिल्यावर चार. हे रात्रभर, हाताने. आरंभी दोन खुणांमधला फरक किंचित असतो, म्हणून कॉरिडॉर नुसता धडधडल्यासारखा वाटतो. फरक वाढत जातो तशी ती जागा पुढेमागे आदळू लागते. शेवटीशेवटी दारं, दिवे, भिंती यांचं भानच राहत नाही, सपाट पडद्यावर आडव्या-उभ्या रेषांची झटापट उरते. तेवीस मिनिटांच्या शेवटाला टोकाच्या काचांतून उजेड येतो. बाहेर पहाट झालेली असते. एका माणसाने एका जागी उभं राहून काढलेली रात्र त्या काचांत दिसते. हिला रिकामी म्हणायचं असेल तर भरलेली कशाला म्हणायचं?

आणि पेटर कुबेल्का. या ऑस्ट्रियन दिग्दर्शकाच्या १९६०च्या ‘आर्नुल्फ राइनर’मध्ये तर कॉरिडॉरही नाही. दोनच तऱ्हेच्या फ्रेम: पूर्ण काळी आणि पूर्ण पारदर्शक. दोनच तऱ्हेचे ध्वनी: खरखराट आणि शांतता. दृश्य म्हणून शून्य. पण बांधणी बघा. १६ भाग, प्रत्येक भागात ५७६ फ्रेम, एकूण ९,२१६ फ्रेम, साडेसहा मिनिटांच्या आत संपणारी फिल्म. प्रत्येक भागाची लांबी तीच. काळ्या-पांढऱ्याची आणि आवाजाची आतली वाटणी मात्र दरवेळी वेगळी. ज्याने तबल्याचा सोलो मन लावून ऐकलाय त्याला हे समजावून सांगावं लागणार नाही: आवर्तन ठरलेलं, आतला मजकूर बदलता, आणि कान समेची वाट पाहत बसलेला. कुबेल्का ही फिल्म पट्ट्या करून भिंतीवर खिळ्यांनी लावूनही दाखवत. लपवण्यासारखं काही नाही, हिशेब तपासून घ्या, असाच त्याचा अर्थ. आपल्याकडच्या किती ‘रिकाम्या’ लघुपटांची टाइमलाइन अशी भिंतीवर लावता येईल?

हॉलिस फ्रॅम्प्टन यांची ‘लेमन’ (१९६९) सात-आठ मिनिटांची आहे. एक लिंबू आणि त्याच्याभोवती हळूहळू सरकणारा उजेड. लिंबू अंधारातून वर येतं, पिवळंधमक होतं आणि अखेर नुसत्या काळ्या आकृतीत जातं. एवढंच आहे, आणि एवढं पुरे पडतं. प्रकाशयोजना शिकवताना ती फिल्म दाखवली तर निम्मं शिकवणं वाचेल.

लांबीबद्दल मात्र थोडं सविस्तर बोललं पाहिजे, कारण इथेच आजच्या मुलांची सगळ्यात मोठी गफलत होते. ‘फॉग लाइन’ अकराच मिनिटांची का? १६ मिलिमीटर फिल्मचं ४०० फुटी रीळ सेकंदाला २४ फ्रेमच्या वेगाने अकरा मिनिटं आणि वर काही सेकंद चालतं. १०० फुटी रीळ पावणेतीन मिनिटं. ब्रूस बेली यांची ‘ऑल माय लाइफ’ (१९६६) पावणेतीन मिनिटांचीच आहे: कॅलिफोर्नियातलं एक जुनं लाकडी कुंपण, त्यावर फुललेले गुलाब, एला फिट्झजेराल्डचं गाणं, आणि कुंपणालगत सरकत सरकत शेवटी वर जाऊन निळ्या आकाशात थांबणारा कॅमेरा. शांताल आकरमान यांची ‘ला शाँब्र’ (१९७२), जिच्यात कॅमेरा न्यूयॉर्कमधल्या एका खोलीत गोल फिरत राहतो आणि बिछान्यातल्या आकरमान दर फेरीला वेगळ्या दिसतात, तीही अकरा मिनिटांच्या आसपास. जेम्स बेनिंग यांच्या ‘थर्टीन लेक्स’मध्ये (२००४) प्रत्येक तळ्याला दहा मिनिटं. आणि अगदी मागे गेलं तर ल्युमिएर बंधूंची १७ मीटरची पट्टी, जिच्यात जेमतेम पन्नास सेकंद मावत.

ही मर्यादा यंत्राने घातलेली होती आणि या मंडळींनी ती रचनेत ओढून घेतली. रीळ संपायच्या आत धुकं कितपत उठेल, हा गॉटहाइम यांनी पत्करलेला धोका होता. बेली यांना रीळ आणि गाणं संपायच्या आत कुंपण सोडून आकाशात पोचायचं होतं. हात एकदा हलला असता तर पुन्हा पहिल्यापासून. आज मेमरी कार्डावर तासन् तास चित्रीकरण होतं. मर्यादा नाहीशी झाली आणि तिच्याबरोबर ताणही नाहीसा झाला. मग शॉट चार मिनिटांचा का, चौदाचा का नाही, याला ‘वाटलं म्हणून’ याखेरीज उत्तर उरत नाही. डिजिटलला माझा विरोध नाही. उलट, ते आलं म्हणून फिल्म करणं कोल्हापूर-नांदेडच्या मुलांच्या आवाक्यात आलं. पण यंत्राने जे बंधन काढून घेतलं ते आता दिग्दर्शकाने स्वतः घालून घ्यायला हवं. भरती ओसरेपर्यंत, दूध उतू जाईपर्यंत, गाडी फलाटावर थांबली आहे तोवर. कुठलंही घाला, पण घाला.

नळाच्या आवाजाबद्दल कुणी म्हणेल, सिनेमात आवाज बाहेरून आणतातच की. जरूर आणतात. अब्बास किआरोस्तामी यांच्या ‘फाइव्ह’मधला (२००३) शेवटचा भाग पाहा. तळ्यातलं चंद्राचं प्रतिबिंब, ढग, बेडूक, वादळी पाऊस, आणि सरतेशेवटी पहाट. सलग एका रात्रीचा एकच शॉट वाटतो. प्रत्यक्षात ते कित्येक रात्रींचं चित्रण एकत्र बांधलेलं आहे, आणि बेडकांचं ओरडणं एखाद्या वाद्यवृंदासारखं रचलेलं आहे. पडदा बराच काळ काळाकुट्ट असतो आणि तरी आपण खुर्चीच्या टोकाला येतो, कारण कान काम करत असतात. किआरोस्तामी यांनीही आवाज ‘बनवला’. पण कुठला बेडूक कधी गप्प बसेल हेसुद्धा ठरवून बनवला. त्या मुलाने नळ बाहेरून आणला ही माझी तक्रार नाही. तो कुठलाही नळ चालला असता, ही आहे.

आता प्रतिपक्षाचा सगळ्यात भक्कम मुद्दा. काही फिल्म्स खरोखरच रिकाम्या आहेत, त्यांचं काय? नाम जून पाइक यांनी साठच्या दशकाच्या आरंभी ‘झेन फॉर फिल्म’ केली. तिच्यात काहीच चित्रित केलेलं नाही. कोरी पारदर्शक पट्टी प्रोजेक्टरमधून फिरत राहते आणि पडद्यावर पांढरा उजेड पडतो. याहून रिकामं काय असणार? पण ती पट्टी फिरता फिरता धूळ गोळा करते, तिच्यावर ओरखडे उठतात, आणि ते सगळं पुढच्या फेरीत पडद्यावर मोठं होऊन दिसतं. फिल्म स्वतःचं वय दाखवत राहते. काल पाहिलेली आणि आज पाहिलेली सारखी नसते. संगणकावर बनवलेल्या पांढऱ्या फाइलवर मात्र धूळ बसत नाही. ती हजारदा चालवली तरी पहिल्यासारखीच. म्हणून पाइक यांचं नाव घेऊन कोरी डिजिटल चौकट दाखवणाऱ्याने पाइक यांच्याकडून घेतलं असेल तर फक्त नाव.

गी दबोर यांनी १९५२ मध्ये पॅरिसमध्ये ‘हर्लमाँ आँ फाव्हर द साद’ दाखवली. संवाद चालू असताना पांढरा पडदा, संवाद थांबले की काळा पडदा आणि संपूर्ण शांतता. शेवटची चोवीस मिनिटं तर सलग काळोख. पहिलाच खेळ गोंधळात बंद पडला. ती फिल्म भांडण उकरून काढण्यासाठी केलेली होती आणि भांडण झालं. सिनेमागृहाच्या सवयीवर केलेला तो हल्ला होता. आज त्याच काळोखाला महोत्सवात पुरस्कार मिळतो, आणि प्रेक्षक शांतपणे बसून राहतात. हल्ल्याची ती चाल एकदाच खेळता येण्यासारखी होती.

डेरेक जार्मन यांची ‘ब्लू’ (१९९३) ७९ मिनिटांची, म्हणजे लघुपट नाही, पण या वादात तिचं नाव निघतंच, म्हणून लिहितो. पडद्यावर आरंभापासून अखेरपर्यंत एकच निळा रंग. एड्सच्या आजारात जार्मन यांची दृष्टी जात होती. फिल्मभर आवाज आहेत: दवाखान्यातले दिवस, औषधांची नावं, गेलेल्या मित्रांच्या आठवणी, समुद्र, घंटा, संगीत. तो निळा पडदा एका विशिष्ट माणसाच्या विझत चाललेल्या डोळ्यांना उरलेलं जग आहे. फेब्रुवारी १९९४ मध्ये ते गेले. ‘ब्लू’चा दाखला देऊन स्वतःच्या मोकळ्या पडद्याचं समर्थन करणाऱ्याला मला विचारावंसं वाटतं: तुझ्या पडद्यामागे कोण आहे?

हे सगळं सांगून झालं की आपल्याकडे एक शेवटचा आधार पुढे केला जातो: भारतीय परंपरा. शून्य आपलं, मौन आपलं, ध्यान आपलं, तेव्हा पाश्चात्त्यांच्या मापाने आम्हाला मोजू नका. या युक्तिवादाने माझं डोकं जितकं उठतं तितकं दुसऱ्या कशाने उठत नाही, कारण तो ज्यांच्या जिवावर केला जातो त्यांनी उभं आयुष्य कष्ट उपसले. वासुदेव गायतोंडे यांच्या चित्रांना किती लोक ‘निव्वळ रंग’ म्हणून मोकळे झाले असतील. गायतोंडे वर्षाला मोजकीच चित्रं करत. रोलर आणि पॅलेट नाइफने रंगाचे थर चढवायचे, काढायचे, पुन्हा चढवायचे. खालचा थर वरच्यातून किती दिसू द्यायचा हे ठरवायचं. आणि त्याहून जास्त वेळ समोर बसून पाहत राहायचं. त्या शांत पृष्ठभागाखाली काम आहे, म्हणून तो शांत वाटतो. ध्रुपदाचा आलापही तसाच. गायक एका षड्जावर थांबला म्हणजे तो स्वस्थ बसला असं ज्याला वाटतं त्याने एकदा तो षड्ज लावून बघावा.

मणी कौल यांना तर परंपरेचा आधार घेणाऱ्यांनी आपलं दैवतच करून टाकलं आहे. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ऋत्विक घटकांच्या हाताखाली शिकलेला हा माणूस. ‘उसकी रोटी’मध्ये (१९७०) नवऱ्याची भाकरी घेऊन बसची वाट पाहणारी बाई, लांबलचक थांबलेले शॉट, सपाट सुरातलं बोलणं. काहीच घडत नाही, असं तेव्हाही म्हटलं गेलं. पण कौल आणि छायालेखक के. के. महाजन यांनी अख्ख्या फिल्मला दोनच लेन्स वापरल्या, २८ आणि १३५ मिलिमीटर. एकीत सगळा आसमंत स्पष्ट, दुसरीत बारीकसा पट्टा सोडून बाकी धूसर. एक बाईच्या प्रत्यक्ष जगण्यासाठी, दुसरी तिच्या मनातल्या जगासाठी. आणि फिल्म पुढे सरकते तशी ही वाटणी उलटत जाते. वाट पाहता पाहता खरं आणि मनातलं यांची सरमिसळ होते, ती लेन्समधून. १९८२च्या ‘ध्रुपद’मध्ये डागर बंधूंच्या गायन-वादनाबरोबर कॅमेरा ज्या धिमेपणाने चालतो त्यामागेही हीच शिस्त आहे. कौल यांचा थांबलेला शॉट उचलायचा आणि दोन लेन्सचा विचार तिथेच सोडायचा, याला परंपरा पुढे नेणं म्हणत नाहीत.

शिवाय प्रयोग म्हणजे संथपणा हे समीकरण तरी कुणी ठरवलं? मुंबईत पेडर रोडवरच्या फिल्म्स डिव्हिजनमध्ये, सरकारी पैशाने, प्रमोद पती यांनी ‘एक्सप्लोरर’ (१९६८) केली. ती इतकी वेगवान आणि खचाखच आहे की डोळा ठरत नाही. त्यांच्याच ‘आबिद’मध्ये (१९७२) आबिद सुरती एक अख्खी खोली रंगवून काढतात आणि आपण ते फ्रेम-फ्रेमने उड्या मारत पाहतो. आपल्या प्रायोगिक लघुपटाच्या घरात हेही आहे. आणि त्याच काळात अकबर पदमसी यांनी ‘सिझिजी’ केली, अकरा मिनिटांची, मूक, नुसत्या रेषा आणि बिंदूंची. गणिती आराखड्यावर काढलेल्या शेकडो रेखाटनांमधून चालती झालेली. त्यांची दुसरी फिल्म तर हरवलीच. आपल्या खऱ्या मिनिमलिस्ट फिल्म्स आपण जपून ठेवत नाही आणि नकली फिल्म्सना परंपरेचं सर्टिफिकेट वाटत सुटतो, हे मला सहन होत नाही.

आता पहिल्या तटाकडे वळतो. ‘काहीच घडत नाही’ म्हणून उठून जाणाऱ्यांकडे. लघुपट स्पर्धांनी मराठी लघुपटाचं एक ठरीव रूप करून ठेवलं आहे: एक सामाजिक विषय, एक गरीब मुलगा, पार्श्वभूमीला बासरी, शेवटच्या अर्ध्या मिनिटात कलाटणी आणि मग पडद्यावर संदेश. यात घडतं भरपूर, दिसत काहीच नाही. मुलगा ज्या रस्त्याने शाळेत जातो तो रस्ता कसा आहे, सकाळी उजेड कुठून येतो, आईच्या हातातल्या भांड्याचा आवाज कसा येतो, याकडे कुणाचं लक्ष नसतं, कारण सगळ्यांना कलाटणीपर्यंत पोचायची घाई. अशा फिल्म्सना परीक्षक आशयघन म्हणतात.

त्यांना दादासाहेब फाळक्यांची आठवण करून द्यावीशी वाटते. ‘राजा हरिश्चंद्र’ मे १९१३ मध्ये लोकांपुढे आला. त्याच्या आधी, १९१२ मध्ये, लंडनहून आणलेल्या विल्यमसन कॅमेऱ्यासमोर फाळक्यांनी एक कुंडी ठेवली. कुंडीत वाटाण्याचं बी. कॅमेरा हलवायचा नाही, कुंडी हलवायची नाही. रोज थोडं थोडं चित्रण. ‘अंकुराची वाढ’ या नावाने ओळखली जाणारी ती छोटीशी फिल्म. नट नाही, गोष्ट नाही, संदेश नाही. एक रोप वर येतं. भांडवल हवं म्हणून ती त्यांनी यशवंतराव नाडकर्णी यांना दाखवली, आणि रोप वाढताना पाहून नाडकर्णींनी पैसे उभे करून दिले. भारतातल्या पहिल्या पूर्ण लांबीच्या कथापटामागचं भांडवल एका स्थिर शॉटने मिळवलेलं आहे. एका व्यवहारी माणसाने त्यात काय ‘घडतं’ ते ओळखलं. आपल्या परीक्षकांना ते शंभराहून जास्त वर्षांनी ओळखता येत नसेल, तर उणीव फिल्ममध्ये नाही.

आणि हे सगळं केवळ जुनं किंवा परक्यांचं आहे असंही नाही. पायल कपाडिया यांची ‘अँड व्हॉट इज द समर सेइंग’ (२०१८) भीमाशंकरच्या परिसरातल्या कोंढवळ गावात चित्रित झालेली आहे. मध शोधायला झाडांच्या शेंड्यांकडे पाहत जंगलात फिरणारा एक माणूस, गावावर रेंगाळणारा धूर, आणि गावातल्या बायका कुजबुजत्या आवाजात प्रेमाबद्दल, हातून निसटून गेलेल्या माणसांबद्दल बोलतात. गोष्ट सांगा म्हटलं तर एका वाक्यात संपते. पण त्या कुजबुजीत ज्या गोष्टी येतात त्या भर चावडीवर कधी बोलल्या गेल्या नसत्या, आणि फिल्मने आपला आवाज खाली आणला म्हणूनच त्या ऐकू येतात. इथे कमी करण्याला कारण आहे. मी सगळ्या फिल्म्सकडून एवढंच मागतो.

परीक्षक मित्रांना आणखी एक सांगायचं आहे. या फिल्म्स दुपारच्या जेवणानंतर लॅपटॉपवर लिंक उघडून, मधून मधून पुढे ढकलत पाहण्याच्या नाहीत. मोबाइलवर ‘फॉग लाइन’मधले घोडे पुसले जातात, ‘फाइव्ह’मधले बेडूक गाडीच्या हॉर्नमध्ये बुडतात. ज्यात थोडंच ठेवलेलं आहे त्यातलं थोडंही आपण पाहण्याच्या पद्धतीने काढून घेतो आणि मग आत काही नव्हतं असा शेरा मारतो. निवड समितीला शंभर फिल्म्स पाहायच्या असतात हे मला माहीत आहे. मग निदान अंतिम फेरीतल्या फिल्म्स अंधारात, मोठ्या पडद्यावर, पूर्ण लांबीने पाहा. नाही जमलं तर त्यांच्याबद्दल मत देऊ नका.

दिग्दर्शक मुलामुलींना विनंती अशी: कॅमेरा सुरू करण्याआधी कागदावर लिहून काढा, की पहिल्या फ्रेमपासून शेवटच्या फ्रेमपर्यंत काय बदलणार आहे. उजेड बदलेल, आवाज बदलेल, पाहणाऱ्याचा अंदाज चुकेल, एखादा घोडा जाईल. काहीही चालेल, पण ते तुम्हाला माहीत असू द्या. शॉट कुठे संपणार याचं कारण शूटिंगच्या आधी ठरवा. ज्या खोलीत चित्रण करताय तिथला रूम टोन, म्हणजे त्या खोलीच्या शांततेचा आवाज, तिथेच बसून घ्या. आणि ‘प्रेक्षकाने भरायचं’ हे वाक्य वर्षभर वापरू नका. त्याशिवाय आपल्या फिल्मबद्दल बोलता येतं का ते पाहा.

फिल्म सोसायट्यांनी आणि लघुपट महोत्सव भरवणाऱ्यांनी या वर्षी एक सत्र राखून ठेवावं. ‘फॉग लाइन’, ‘लेमन’ आणि ‘ऑल माय लाइफ’ या तीन फिल्म्स मिळून वीस-बावीस मिनिटांच्या होतात. रीतसर परवानगी काढा, शक्य असेल तर १६ मिलिमीटरची प्रिंट मागवा, दिवे पूर्ण बंद करा आणि आधी भाषण ठेवू नका. चर्चा नंतर करू. त्या चर्चेला मी स्वखर्चाने येईन.